सुशी, काजळी, सिंह

पहिल्यांदा आली तेव्हा अंगात सळसळणारं जॅकेट होतं.
मी काचेमागून म्हटलं, काढून ठेवा,
माइकला कपड्यांचं बोलणंही ऐकू येतं.
त्यानंतर तेवीस वर्षं
चिगुसा उराबे सुती कपड्यांतच आली,
कानात डूल नाही, मनगटाला घड्याळ नाही,
आणि ऐनवेळी पोट गुरगुरू नये म्हणून
खिशात अर्धं केळं.

सुरुवातीला नुसती गर्दी व्हायची:
बाजारातली सातवी बाई,
पुरात ओरडणारं कुणीतरी,
नाव नसलेलं पाखरू.
पडद्यावर चित्रंही पुरी झालेली नसत,
पेन्सिलीच्या रेघा नुसत्या,
आणि तोंडाच्या जागी एक लाल पट्टी.
पट्टी आली की बोल, गेली की गप्प.
त्या पट्टीवर तिनं जीव लावला.

ती साकाताची, बंदरावरची.
तिकडं सुशी, काजळी आणि सिंह
या तिन्हींचा उच्चार एकच.
घरी भागून जायचं, म्हणाली,
ताटात काय आहे ते दिसतंच,
आणि सिंह काही येत नाही.
टोकियोत भागेना.
दिवसभर बेंतोच्या दुकानात भात भरायचा,
रात्री पुलाखाली उभं राहून
जिभेला वळण लावायचं,
सु, शि, सु, शि,
वरून मालगाडी जाईपर्यंत.

मग तो पोरगा मिळाला.
दीपगृहात राहणारा, धडधडीत खोटं बोलणारा.
अकरा वर्षं तो दहाच वर्षांचा राहिला.
दरम्यान तिनं लग्न केलं, मोडलं,
वडिलांच्या अस्थी चॉपस्टिकनं वेचल्या,
आणि गुरुवारी दहाला येऊन
शेजाऱ्याची पर्सिमन चोरली.
त्याच्याच आवाजात गाणीही गायली.
चार हजार लोक, चार हजार हिरवे दिवे.
विंगेत मला म्हणाली,
टाळ्या त्याच्या, मी फक्त घसा आणला होता.

माझं काम श्वास कापायचं.
वाक्याआधी ती घ्यायची तो हवेचा घोट
मी काढून टाकत असे.
टाकत असे म्हणतो खरं.
एका फोल्डरमध्ये आहेत सगळे,
त्याला नाव दिलंय ‘इतर’.

मध्ये कधीतरी एक किरकोळ काम आलं होतं,
न्हाणीघरातल्या गीझरचं.
‘अंघोळीचं पाणी तयार आहे.’
एवढंच. नऊ टेक.
सहाव्याला तिला हसू फुटलं होतं,
कंपनीनं नेमकं तेच ठेवलं.

मग घसा बसला,
तो उठायचं नावच घेईना.
स्वरतंतूवर गाठ, तांदळाच्या दाण्याएवढी.
शस्त्रक्रिया, आणि नंतर पाच आठवडे
हूं नाही की चूं नाही.
पोरग्याचं काम बावीस वर्षांच्या एकीला गेलं.
चिगुसा स्वतः येऊन तिला संहिता देऊन गेली,
समासात पेन्सिलीनं खुणा:
इथे तो खोटं बोलतोय.
इथेही.
इथे नाही.

जाण्याआधी माझ्याशेजारी काचेमागे बसली.
पाटीवर लिहिलं:
‘घरात सध्या एकच बाई बोलते.
रोज साडेआठला.
सव्वीस वर्षांची आहे, मध्येच हसते,
आणि मला तिला हो म्हणता येत नाही.’
खांदे हलले तिचे.
मीटरची सुई जागची हलली नाही.

सहाव्या आठवड्यात डॉक्टर म्हणाले,
बोला काहीतरी, काहीही.
तिनं एक शब्द उच्चारला.
ओला दोर धक्क्याला घासावा तसा आवाज,
आणि हेल थेट साकाताचा.
डॉक्टरांनी विचारलं, सुशी?
तिनं सांगितलं नाही.

हे तिनं मला फोनवर सांगितलं
आणि तो शब्द पुन्हा म्हणून दाखवला.
मीही विचारलं नाही, तिघांतला कोणता.
शब्दाआधी तिनं श्वास घेतला होता.
लांब, जरा खरखरीत.
तो मी पुरता ऐकला.